पदक नसतं तर?

राफाएला सिल्वा. रिओच्या ‘सिदादे दे देउस’ झोपडपट्टीतली काळी पोरगी. नाव देवाचं शहर, वस्ती गरिबांची. २०१२च्या लंडन ऑलिंपिकात ज्युदो खेळताना तिनं समोरचीचा पाय धरला. नियमानं बाद. घरबसल्या लोकांनी तिला माकड म्हटलं. २०१३ला ती जगज्जेती झाली. २०१६ला रिओतच ५७ किलो गटात सुवर्ण. मग जयजयकार!

‘तिनं पदकानं उत्तर दिलं’ म्हणणाऱ्यांशी माझं भांडण आहे, दोस्तांनो. हरलेली राफाएला माणूस नव्हती काय? मी गोदीत ओझी उचलतो. मला कोण पदक देणार? माणूसपण हे कुणाच्या बापाचं बक्षीस नाय. जाब शिवी देणाऱ्यानं द्यायचा, खाणाऱ्यानं नव्हे.