दुय्यम भूमिकेचे मोल

शशिकला यांचे ४ एप्रिल २०२१ रोजी मुंबईत निधन झाले, तेव्हा ‘खलनायिका’ हेच विशेषण त्यांच्या नावाला पुन्हा एकदा चिकटविण्यात आले. साठाहून अधिक वर्षांच्या कारकिर्दीची इतकी अपुरी नोंद व्हावी, यात आपल्या चित्रपटव्यवसायाची एक जुनी खोड दिसते.

सोलापुरात १९३२ मध्ये जन्मलेल्या शशिकला जवळकर यांनी अगदी बालपणापासून जिल्ह्यातील गावोगावच्या रंगमंचावर नृत्य-गायन केले. व्यापारी वडिलांचे दिवाळे निघाले आणि मुलीच्या अंगच्या कलेवर घर चालेल, या आशेने कुटुंबाने मुंबई गाठली. नूरजहाँ यांनी शब्द टाकल्यामुळे ‘झीनत’ (१९४५) मधील कव्वालीत तिला स्थान मिळाले. मोबदला पंचवीस रुपये, असे सांगितले जाते. फाळणीनंतर नूरजहाँ पाकिस्तानात गेल्या आणि तो आधारही तुटला. पुढे मिळेल ती भूमिका स्वीकारणे प्राप्तच होते.

वास्तविक बिमल रॉय यांनी ‘सुजाता’ (१९५९) मध्ये त्यांना घरच्या लाडक्या, खेळकर कन्येची भूमिका दिली होती आणि ती त्यांनी मोठ्या सहजतेने वठविली होती. पण ‘आरती’ (१९६२) मधील कलह पेरणारी स्त्री आणि ‘गुमराह’ (१९६३) मधील धमकावून पैसे उकळणारी लीला या भूमिकांना लागोपाठ फिल्मफेअर पारितोषिके लाभली, आणि हे यशच त्यांची बेडी ठरले. १९६६ मध्ये ‘फूल और पत्थर’ने त्यांना क्लबातील स्त्रीच्या साच्यात बसविले, त्याच वर्षी ‘अनुपमा’त हृषीकेश मुखर्जी यांनी त्यांच्यातील अवखळ प्रसन्नतेचा उपयोग करून घेतला. अभिनेत्री एकच होती. कमी पडली ती निर्मात्यांची कल्पनाशक्ती!

सहाय्यक अभिनेत्रीसाठी स्वतंत्र राष्ट्रीय पारितोषिक १९८४ च्या चित्रपटांपासून सुरू झाले. शशिकला यांना पद्मश्री मिळाली ती २००७ मध्ये. तोवर ‘सोनपरी’ या मालिकेतून त्या बालप्रेक्षकांच्याही परिचयाच्या झाल्या होत्या.

मानसन्मान उशिरा का होईना, आले. पैशाचा प्रश्न मात्र अधिक बिकट आहे. जुने चित्रपट दूरचित्रवाणीवर आणि आता इंटरनेटवर अखंड दाखविले जातात. त्यांचे उत्पन्न हक्कधारकांकडे जाते. सादरकर्त्या कलावंताचा हक्क कॉपीराइट कायद्यात प्रथम आला तो १९९४ च्या दुरुस्तीने, म्हणजे शशिकला यांच्या बहुतेक गाजलेल्या चित्रपटांनंतर कितीतरी वर्षांनी. व्यापारी उपयोगाबद्दल स्वामित्वधनाची तरतूद २०१२ मध्ये झाली. नायक-नायिका करारातच आपला वाटा ठरवून घेऊ शकतात. मालिकेत आत्या किंवा शेजारीण रंगविणाऱ्या अभिनेत्रीपाशी हे बळ नसते. केलेल्या कामाचे पैसे नव्वद दिवसांनी हाती पडावेत, ही त्या धंद्याची रूढीही तिला निमूटपणे सोसावी लागते.

त्यातच २०१२ च्या दुरुस्तीने एक अपवाद करून ठेवला आहे. चित्रपटातील ज्याचे काम प्रासंगिक स्वरूपाचे असून व्यवसायाच्या प्रघातानुसार नामावलीत ज्याचा उल्लेख होत नाही, त्याला या हक्कापुरते ‘सादरकर्ता’च मानले जात नाही. ‘झीनत’च्या कव्वालीतील ती मुलगी आज कॅमेऱ्यापुढे बसली आणि तिचे नाव पडद्यावर झळकले नाही, तर ठरल्या बिदागीपलीकडे तिला या कायद्याने काहीही मागता येणार नाही.