अवमानाची मुदत, अधिकाऱ्यांची सोय

कल्याण-डोंबिवली महापालिका हद्दीतील ६५ बेकायदा इमारती तीन महिन्यांत पाडाव्यात, असा आदेश मुंबई उच्च न्यायालयाने १९ नोव्हेंबर २०२४ रोजी दिला. बनावट कागदपत्रांवर महारेराची नोंदणी मिळवलेल्या या इमारतींत हजारो कुटुंबांनी आयुष्याची पुंजी ओतली होती. फेब्रुवारी २०२५ मध्ये मुदत सरली. सर्व इमारती मात्र पडल्या नाहीत. फसवल्या गेलेल्या रहिवाशांचे दुःख खरे आहे. परंतु पालन अवघड असेल, तर प्रशासनाने न्यायालयाकडेच मुदतवाढ मागावी. स्वस्थ बसण्याची मुभा त्याला नाही.

अशा वेळी नागरिकाच्या हाती अवमान याचिका उरते. १९७१ च्या न्यायालय अवमान कायद्याचे कलम २० तिला एका वर्षाची मर्यादा घालते. वर्षाच्या आत अर्ज दाखल केला की पुरे, न्यायालयीन विलंबाचा भुर्दंड अर्जदाराला नको, हा दिलासा सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये पल्लव शेठ खटल्यात दिला. मात्र प्रत्येक अवज्ञा ही आपोआप ‘सतत चालू राहणारी चूक’ ठरत नाही, असेही त्याच न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये स्पष्ट केले.

परिणामी वर्षाचे घड्याळ नागरिकाच्याच विरोधात चालते. तिकडे अधिकाऱ्याची बदली होते, पोलीस बंदोबस्ताचे कारण पुढे येते, फाईल फिरत राहते. इकडे नोकरदार माणूस रजा टाकून, लोकलने मुंबई गाठून वकिलाचे शुल्क भरत राहतो.

मुदत असूच नये, असे आमचे म्हणणे नाही. शिक्षेची टांगती तलवार कोणावरही आजन्म नको. परंतु सामान्य माणूस आणि सत्ताधारी यंत्रणा यांना एकच माप लावणे हा न्याय नव्हे. आदेशातच जबाबदार अधिकाऱ्याचे पद नमूद व्हावे, मुदत संपताच त्याने पालनाचे प्रतिज्ञापत्र स्वतःहून सादर करावे आणि ते सादर होईपर्यंत वर्षाची गणना सुरूच होऊ नये, अशी दुरुस्ती संसदेने करावी.

न्यायालयाने मनावर घेतले, तर त्याचा हात दूरवर पोहोचतो. वनविषयक आदेश मोडल्याबद्दल २००६ मध्ये महाराष्ट्राचे तत्कालीन मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना सर्वोच्च न्यायालयाने महिनाभराची कैद सुनावली होती. पण असे प्रसंग विरळाच. तोवर सजग नागरिकांनी आणि कार्यकर्त्यांनी आदेशाची तारीख व मुदतीचा शेवटचा दिवस नोंदवून ठेवावा आणि वर्ष सरण्यापूर्वी अर्ज दाखल करावा. कायद्याचे राज्य अशा जागरूकतेवरच उभे राहते.