वीस शिलिंगांचा प्रश्न

क्षुल्लक रकमेसाठीं राजाशीं वैर कशाला, असें व्यवहारी मनुष्य सहज म्हणेल. जॉन हॅम्डन याचें चरित्र वाचल्यावर आम्हांस मात्र हें मत पटत नाहीं. बकिंगहॅमशायर परगण्यांतील हा मोठा जमीनदार पार्लमेंटचा सभासद होता. पहिल्या चार्ल्स राजानें पार्लमेंटच्या संमतीवांचून जहाजपट्टी बसविली. हॅम्डनच्या एका जमिनीवर तिचे अवघे २० शिलिंग आकारले गेले. तेवढे देणें त्यास मुळींच जड नव्हतें. परंतु आज हे दिले तर उद्यां राजाच्या मागणीस मर्यादा कोणती, हा त्याचा सवाल होता. सनदशीर मार्गानें तो न्यायासनापुढें उभा राहिला. १६३८ सालीं १२ पैकीं ७ न्यायाधीशांनीं राजाच्या बाजूनें कौल दिला. हॅम्डन हरला खरा. पण ५ न्यायाधीशांनीं त्याची बाजू घेतली, हें सर्व देशानें पाहिलें, आणि १६४१ सालीं पार्लमेंटनें ती पट्टीच बेकायदा ठरविली. पुढें यादवी युद्धांत चाल्ग्रोव्ह येथें घायाळ होऊन १६४३ च्या जून महिन्यांत त्यास मरण आलें.

अन्याय लहान आहे तोंवरच त्यास हरकत घ्यावी, असें आमचें मत आहे. तो वाढल्यावर त्याचें निवारण शब्दांनीं होत नाहीं. त्यास रक्त सांडावें लागतें. आमच्या विद्यार्थिबंधूंनीं याचा अवश्य विचार करावा.