‘कर्मचाऱ्यां’मधला ‘ऱ्या’ कोणी गिळला?



शाखांची जुनी परिपत्रके, पतपेढ्यांच्या सभासद-याद्या, कार्यकारिणीची इतिवृत्ते युनिकोडमध्ये आणायची आहेत. हे काम व्हायलाच हवे, त्याबद्दल आमचे दुमत नाही. आमचा विरोध आहे तो ‘सॉफ्टवेअर आहे ना, बटण दाबा, झाले’ या वृत्तीला. या एका वाक्याआड कारकुनाचे तासन्‌तासांचे श्रम दडपले जातात आणि वर चुकांचे खापर त्याच्याच माथी फोडले जाते.

मुळात ही वेळ आली कशी? १९९१ मध्ये भारतीय मानक ब्यूरोने भारतीय लिप्यांसाठी ‘इस्की’ हे प्रमाण ठरवले. त्याच वर्षी युनिकोडची पहिली आवृत्ती देवनागरीसह आली. पण फाँट विकणाऱ्यांनी ज्याने त्याने आपापला संकेत चालवला. रोमन अक्षरांच्या जागी देवनागरीचे तुकडे बसवले आणि त्याला संगणकावरचे मराठी म्हटले! कृतिदेवमध्ये टंकलेला ‘रेल्वे’ हा शब्द संगणकाच्या लेखी जे, एस, वाय, ओ, एस ही पाच रोमन अक्षरे आहेत, दुसरे काही नाही. भुसावळचे पत्रक सिकंदराबादला उघडले आणि तिथे तो फाँट नसला, की साथीच्या हाती अक्षरांची खिचडी. केंद्र सरकारने ई-प्रशासनासाठी युनिकोड हे प्रमाण जाहीर केले ते २००९ मध्ये. मधल्या अठरा वर्षांत विकणारे पैसे घेऊन मोकळे झाले. निस्तरायचे मात्र आपल्या माणसाने.

आणि निस्तरणे सोपे नाही. जुन्या फाँटमध्ये ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या आधी टंकली जाते, युनिकोडमध्ये ती अक्षरानंतर साठवली जाते. रफाराचे नेमके उलटे. म्हणजे सॉफ्टवेअरला अक्षरे बदलून भागत नाही, क्रमही फिरवावा लागतो, आणि तिथेच ते घसरते. त्यातून रूपांतरक हिंदी मजकूर समोर ठेवून केलेला असला तर विचारूच नका. पापणीसारखा दिसणारा आपला अर्धा ‘र’ हिंदीत नाही. मग ‘कर्मचाऱ्यांना’चे ‘कर्मचार्यांना’ होते, दऱ्यांचा दर्या होतो, आचाऱ्याला आचार्यपद मिळते (ही बढती अर्थात बिनपगारी!). हसण्यावारी नेऊ नका. यादीतले ‘बोऱ्हाडे’ आणि ‘बोर्हाडे’ ही संगणकाला दोन निराळी माणसे आहेत. इतकेच काय, ही पापणी युनिकोडमध्येही दोन प्रकारे साठवता येते. पडद्यावर दोन्ही सारखी, शोधताना निराळी. सभासद वारला, पत्नीने मदतनिधीसाठी अर्ज केला आणि यादीत नावच सापडले नाही, तर त्या बाईने कोणाच्या दाराशी खेटे घालायचे? सॉफ्टवेअरच्या?

दुसरा धोका फुकटेपणाचा. काम लवकर उरकावे म्हणून इंटरनेटवरच्या मोफत रूपांतर-सेवेकडे फाइल चढवली जाते. त्या फाइलीत सभासदांची नावे, खाते क्रमांक, थकीत कर्ज! ती कोणत्या देशातल्या कोणाच्या संगणकावर गेली, याचा पत्ता कोणाला? मार्च २०२५ मध्ये अमेरिकेच्या एफबीआयच्या डेन्व्हर कार्यालयाने अशा मोफत रूपांतरकांमधून घातक प्रोग्रॅम संगणकात घुसवले जात असल्याचा इशारा दिला. आमच्या मते सभासदाची यादी बाहेर देण्याचा अधिकार कोणत्याही पदाधिकाऱ्याला नाही, मग घाई कितीही असो.

तेव्हा शाखांनी ठराव करावेत ते असे. रूपांतर कार्यालयातल्याच संगणकावर, तिथेच बसवलेल्या सॉफ्टवेअरने व्हावे. त्यानंतरची तपासणी हे स्वतंत्र काम मानून त्याला कामाच्या वेळेतले तास द्यावेत. ‘जेवणाच्या सुट्टीत बघून घ्या’ हे आम्ही चालू देणार नाही. तपासणीला दोघे हवेत: एकाने जुना छापील कागद मोठ्याने वाचावा, दुसऱ्याने पडद्यावर बोट ठेवावे. आरंभ नावे आणि रकमांपासून करावा. भाषणे आणि अहवाल मागाहून पाहिले तरी चालतील. मूळ फाइल, तिचा फाँट आणि छापील प्रत यांतले काहीही नष्ट करू नये. रद्दीवाल्याला बोलावण्याची घाई झालेल्या व्यवस्थापकांना हे लेखी कळवावे आणि पोच घ्यावी.