धडधाकट गडी मैदानावर कोसळतो तेव्हा

फुटबॉल हा काही आपल्या भागातला खेळ नव्हे. करमाळा तालुक्यात कुस्ती, कबड्डी, हॉलीबॉल आणि अर्थातच क्रिकेट चालते. तरीही आज एका फुटबॉलपटूविषयी लिहितो आहे, कारण त्याच्या बाबतीत जे घडले ते आपल्या जेऊरच्या मैदानावरही घडू शकते.

क्रिस्तियानो ज्युनियर हा ब्राझीलचा तरुण. (पोर्तुगालचा प्रसिद्ध रोनाल्डो तो हा नव्हे.) २००३ साली तो भारतात खेळायला आला. २००३-०४ च्या राष्ट्रीय लीगमध्ये कोलकात्याच्या ईस्ट बंगालने विजेतेपद मिळवले आणि सर्वाधिक गोल याच्या नावावर लागले. पुढच्या हंगामाला गोव्याच्या धेंपो क्लबने त्याला आपल्याकडे घेतले. ५ डिसेंबर २००४ रोजी बंगळूरला फेडरेशन चषकाचा अंतिम सामना होता, समोर मोहन बागान. धेंपोने सामना २-० असा जिंकला. दोन्ही गोल क्रिस्तियानोचे. पण दुसरा गोल मारताना गोलरक्षकाशी त्याची धडक झाली आणि तो खाली पडला तो पुन्हा उठलाच नाही. सहकाऱ्यांनी तोंडाने श्वास दिला, छाती दाबून पाहिली. रुग्णालयात नेल्यावर डॉक्टरांनी त्याला मृत घोषित केले. वय अवघे २५. भारतातली कारकीर्द जेमतेम दीड हंगामाची. धेंपोने पुढे त्याची १० क्रमांकाची जर्सी कायमची बाजूला ठेवली.

त्या वेळी बरीच चर्चा गोलरक्षकाच्या धडकेची झाली. मैदानावर पुरेशी वैद्यकीय तयारी नव्हती, अशीही टीका झाली. माझ्या मते खरा मुद्दा हा दुसराच होता. मैदानावर धडक बसायचीच. पण माणूस पडल्यापासून पहिल्या पाच मिनिटांत काय होते, ते आपल्या हातात असते.

वाचकहो, आपण सरसकट 'हार्ट अटॅक' म्हणतो, पण तरुण खेळाडूत बहुधा प्रकार वेगळा असतो. अटॅकमध्ये हृदयाला रक्त पुरवणारी नळी तुंबते. इथे हृदयाची वीज बिघडते. ते ठोके देण्याऐवजी नुसते थरथरत राहते आणि मेंदूकडे रक्त जात नाही. छातीवर नेमक्या क्षणी बसलेल्या फटक्यानेही हे होऊ शकते. दुसरे कारण म्हणजे हृदयाचा स्नायू जन्मजात जाड असणे. साधारण ५०० माणसांत एकाला तो असतो आणि पुष्कळांना त्याचा पत्ताही नसतो. कॅमेरूनचा मार्क व्हिव्हियन फोए २६ जून २००३ रोजी फ्रान्समध्ये, लियाँच्या मैदानावर, कोणाचा धक्काही न लागता कोसळला. वय २८. शवविच्छेदनात हाच जाड स्नायू सापडला.

आता उलट उदाहरण घ्या. १२ जून २०२१ रोजी कोपनहेगनला डेन्मार्कचा एरिक्सन असाच पडला. तिथल्या तिथे छाती दाबणे सुरू झाले, विजेचा झटका देणारे यंत्र जवळ होते, हृदय पुन्हा चालू झाले. छातीत छोटे यंत्र बसवून तो पुढच्याच वर्षी मैदानात परतला.

आपल्याकडे काय होते? पोरगा पडतो, हातपाय झटकतो, घशातून घुरघुर येते. कोणीतरी ओरडते, "फिट आली!" मग कांदा फोडा, चप्पल हुंगवा, तोंडात पाणी घाला. भोवती गर्दी एवढी की वारा लागत नाही. ही घुरघुर म्हणजे श्वास नव्हे आणि ते झटके पुष्कळदा फिटही नसते. हलवून, हाका मारून ओ येत नसेल आणि श्वास नीट चालत नसेल, तर हृदय थांबले असेच समजावे. काही केले नाही, तर दर मिनिटाला वाचण्याची शक्यता सात ते दहा टक्क्यांनी घटते. दहा मिनिटांनी काय उरते, त्याचा हिशेब आपणच करावा.

करायचे ते साधे आहे. एकाने १०८ ला फोन करावा. दुसऱ्याने गुडघे टेकून छातीच्या मधोमध एका तळव्यावर दुसरा तळवा ठेवावा, कोपरे ताठ, आणि दोन इंच खोल दाबावे. मिनिटाला १०० ते १२० वेळा. प्रत्येक वेळी छाती पूर्ण वर येऊ द्यावी. दोन मिनिटांनी माणूस बदलावा, कारण दाबणारा दमतो. गाडी येईपर्यंत थांबू नये. बरगडी मोडेल ही भीती नको, बरगडी जुळते.

स्पर्धांच्या मांडवाला, भोंग्यांना आणि ढालींना आपल्याकडे वर्गणी कमी पडत नाही. बक्षिसांचे आकडे लाखात गेले. त्याच पैशात मैदानाच्या कडेला एक गाडी चालकासह उभी राहू शकते, आणि मंडळाच्या पाच-सहा पोरांना छाती दाबायला शिकवता येते. शिकवायला एक दुपार पुरते. विजेचा झटका देणारे यंत्र महाग आहे हे खरे. ते तालुक्याच्या मोठ्या स्पर्धांपुरते तरी मागवावे. आयोजकांना हे लेखी विचारल्याशिवाय मैदानाची परवानगी देऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. ते कोणाला आवडणार नाही, हेही मला ठाऊक आहे.

पोलीस भरतीची पोरे-पोरी पहाटे रस्त्याने पळताना दिसतात. मुलांना १६०० मीटर, मुलींना ८०० मीटर. त्यांच्या आया मला विचारतात, "डॉक्टर, मग पोराने पळूच नये का?" पळावे, जरूर पळावे. पण पळता पळता भोवळ येऊन पडला असेल, छातीत दुखत असेल, अकारण धडधड होत असेल, किंवा घरात चाळिशीच्या आत कोणी अचानक गेले असेल, तर भरतीचे मैदान गाठण्याआधी हृदयाची पट्टी काढून घ्यावी, आणि डॉक्टरांनी सांगितल्यास सोनोग्राफीसारखी 'टू-डी इको' तपासणीही. इटलीत १९८२ पासून स्पर्धेत उतरणाऱ्या खेळाडूंना अशी तपासणी सक्तीची आहे, आणि तिथल्या व्हेनेतो प्रांतात तरुण खेळाडूंचे अचानक मृत्यू त्यानंतर जवळजवळ नव्वद टक्क्यांनी घटले. पट्टीला फार खर्च येत नाही. ती नाश्ता करूनही काढता येते, उपाशी यायची गरज नाही.