सिंह कोणाचे वाहक?

दिल्लीत नव्या संसद भवनाच्या माथ्यावर ११ जुलै २०२२ रोजी राजमुद्रेच्या कांस्यशिल्पाचे अनावरण झाले, आणि सारनाथचे शांत सिंह येथे क्रुद्ध का, असा गिल्ला देशभर उठला. शिल्पाचा नमुना घडविणाऱ्यांपैकी श्री. सुनील देवरे हे आमच्याच नगरीचे. तेव्हा आमच्या वाचकांचे मन त्यांच्या बाजूस झुकले असल्यास नवल नाही. आमचेही झुकले होते. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात सर्वोच्च न्यायालयाने याविषयीची याचिका फेटाळली व कायद्याचा प्रश्न मिटला. कलेचा मिटलेला नाही.

सरकार पक्षाचा युक्तिवाद असा, की मूळ शीर्ष १.६ मीटरचे, नवे ६.५ मीटरचे, मूळ जमिनीवर, नवे ३३ मीटर उंचीवर, खालून पाहता जबडा उग्र भासणारच. पाहणारा कोठे उभा आहे यावर शिल्पाचे रूप पालटते, हे वेरूळच्या शेजाऱ्यांस निराळे सांगावयास नको. कैलास लेण्याच्या मंडपावर कमळाभोवती कोरलेले चार सिंह अंगणातून नीट दिसत नाहीत. त्यांसाठी डोंगरकड्यावर चढावे लागते.

परंतु सारनाथचे शीर्ष आज जमिनीवर आहे ते संग्रहालयात आणून ठेवले म्हणून. अशोककाळी तेही उंच स्तंभावरच होते आणि भिक्षू मान वर करूनच ते पाहात. तरीही त्या अनाम शिल्पकाराने सिंहांची मुद्रा संयत ठेवली. त्याचे कारण, आमच्या मते, त्यांच्या माथ्यावर होते. तेथे एक मोठे धर्मचक्र होते. उत्खननात त्याचे तुकडे सापडले आहेत. म्हणजे सिंह सर्वांच्या वर नव्हतेच, ते चक्राचे वाहक होते. २६ जानेवारी १९५० रोजी स्वीकारलेल्या मुद्रेत ते वरचे चक्र नाही, खालचे उलटे कमळही नाही. सिंहांस आवर घालावयास उरले ते पट्टीवरील लहान चक्र आणि मुंडकोपनिषदातून घेतलेले बोधवाक्य. ज्या मुद्रेतून वरचे चक्र आधीच गळले आहे, तिच्यातील सिंहांचा चेहरा घडविताना म्हणूनच अधिक जपावयास हवे. भार वाहणाऱ्याची चर्या आणि दरारा बसविणाऱ्याची चर्या एक नव्हे.

श्री. देवरे यांच्या हातातील कसबाविषयी आम्हांस शंका नाही. मात्र यापुढे सार्वजनिक वास्तूवर राजमुद्रा चढवावयाची झाल्यास, धातू ओतण्यापूर्वी तिचा मातीचा नमुना नियोजित उंचीवर उभारून लोकांस पाहू द्यावा, आणि पुरातत्त्वज्ञांचे व शिल्पकारांचे अभिप्राय प्रसिद्ध करावेत. कांस्य एकदा थंड झाले की कोणताही अभिप्राय उपयोगी पडत नाही.