बंदरावरून एक दिवस

दोस्तांनो, व्हिएतनामचा नकाशा काढा. मधोमध, समुद्रकाठी दानांग सापडेल. इथल्या तिएन सा बंदराला मोठमोठी प्रवासी जहाजं लागतात. हाताशी दिवस एकच! आई म्हणेल, बाजार करू. मी म्हणेन, गाडी नि वाटाड्या ठरवून सरळ ‘मी-सन’ गाठा. (हो, जागेचं नावच तसं!) अंतर सत्तरेक किलोमीटर.

डोंगरांच्या कुशीत तिथे जुनी विटांची देवळं आहेत, नि ती चक्क शंकराची! चौथ्या शतकात चंपाच्या भद्रवर्मन राजाने इथे भद्रेश्वराची स्थापना केली. त्याचं देऊळ लाकडी होतं, ते जळालं. विटांची नंतर उभी राहिली. शिलालेख वाचले तर संस्कृत! विटांच्या सांध्यांत चुना दिसतच नाही.

१९६९ साली अमेरिकी बॉम्बहल्ल्यात त्यांतलं सर्वांत भव्य देऊळ कोसळलं. बॉम्बचे खड्डे आजही दिसतात. पुढे आपल्या भारतीय पुरातत्त्व खात्याची माणसं दुरुस्तीला गेली. २०२० साली खणताना त्यांना नवव्या शतकातलं अखंड शिवलिंग मिळालं!

परतीची वेळ मात्र गाडीवाल्याला आधीच सांगा, दोन तास हाताशी राखून. खासगी गाडीने गेलेल्यांसाठी जहाज थांबत नाही.